प्रेम तिचं, पैसे तिचे, कर्तव्य त्याचं: जपानी मूकपटांतल्या बायकांविषयी

प्रश्न थोडक्यात असा आहे: ‘दोन-तीन जुने जपानी मूकपट पाहिले. प्रत्येकात एखादी बाई कुणातरी पुरुषासाठी स्वतःची माती करून घेते, आणि शेवटी मरते किंवा वेडी होते. आपल्याकडच्या सोशिक पतिव्रतांच्या सिनेमांपेक्षा यात वेगळं काय आहे? हे त्यागाचं कौतुकच नाही का? आणि तरीही बघायचेच असतील तर कुठून सुरुवात करावी?’

शंका रास्त आहे. नुसतं कथानक सांगितलं तर यातले बरेच चित्रपट रडकथा वाटतात, आणि काही आहेतही. फिल्म सोसायटीत किंवा रसास्वादाच्या वर्गात हे चित्रपट दाखवले की चर्चेत पहिला हात याच प्रश्नासाठी वर होतो. माझं उत्तर ठरलेलं आहे: अश्रू जरा बाजूला ठेवा आणि पैसा बघा. तो कुणी कमावला, कुणाच्या हातात दिला, त्यातून काय विकत घेतलं गेलं आणि शेवटी पावती कुणाच्या नावावर फाटली, एवढं डोळ्यांत तेल घालून पाहिलंत तर ‘त्याग’ म्हणताना तुमची जीभ कचरेल.

मिझोगुची केंजी यांचा १९३३ चा ‘ताकी नो शिराइतो’ घ्या. इझुमी क्योका या लेखकाच्या १८९४ सालच्या कथेवरचा हा चित्रपट. शिराइतो ही पाण्याचे खेळ करणारी कलावंतीण. पंख्याच्या टोकातून, तलवारीच्या पात्यावरून पाण्याच्या चिळकांड्या उडवायच्या आणि गावोगाव खेळ लावायचे, हा तिचा धंदा. फडाचा सगळा डोलारा तिच्या नावावर उभा. किन्या हा घोडागाडी हाकणारा देखणा, गरीब तरुण. तिच्यामुळे त्याची नोकरी जाते, आणि नंतर एका रात्री पुलावर झोपलेला तो तिला सापडतो. त्याला कायदा शिकायचाय पण खिशात दमडी नाही. ‘तू टोकियोला जा, शीक, पैसे मी पाठवते,’ असं ती सांगते. लक्षात घ्या, पुढाकार तिचा आहे. कुणी तिला विकलेलं नाही, कुणी भाग पाडलेलं नाही. ती कमावती बाई आहे आणि स्वतःच्या मिळकतीचं काय करायचं हे ती ठरवते. मूकपटांच्या काळातली अशी ऐटबाज, हसरी, स्वतःहून पुरुष निवडणारी नायिका बघताना मजा वाटते. चित्रपटाचा पहिला भाग तर जवळजवळ खेळकर आहे.

मग हिवाळा येतो. पाण्याचे खेळ उन्हाळ्यात चालतात, थंडीत कोण बघणार? फडाची मिळकत आटते, हाताखालची माणसं अडचणीत येतात, तीही तिच्यावरच अवलंबून असतात. टोकियोला पैसे जायलाच हवेत. ती सावकाराकडून पैसे घेते, तिथे काय मोजावं लागलं ते चित्रपट उघडपणे न सांगताही कळतं. परतीच्या वाटेवर ते पैसे लुटले जातात. ती पुन्हा सावकाराकडे जाते, झटापट होते आणि तिच्या हातून त्याचा खून होतो. खटला उभा राहतो तेव्हा सरकारी वकिलाच्या खुर्चीत बसलेला असतो किन्या. तिच्याच पैशांनी शिकलेला, आता न्यायाचा प्रतिनिधी झालेला. त्याने आपलं कर्तव्य चोख बजवावं हीच तिची इच्छा. ती खरं काय ते सांगून टाकते आणि जीभ चावून जीव देते. पुढे तोही आत्महत्या करतो.

कथा म्हणून हे अतिरंजित आहेच. पण त्या न्यायासनाकडे एकदा हिशेबाच्या नजरेने बघा. कायद्याची ती सगळी अदब, तो झगा, ती भाषा, या साऱ्याचा खर्च एका खेळ करणाऱ्या बाईने उचललेला आहे. त्याचं कर्तव्य उभंच मुळी तिच्या प्रेमाच्या भांडवलावर आहे, आणि ते कर्तव्य पहिल्यांदा वापरलं जातं ते तिच्याचविरुद्ध. प्रेम विरुद्ध कर्तव्य असा झगडा जपानी नाटकात शतकांपासून आहे. चिकामात्सू या जुन्या नाटककाराच्या बाहुलीनाट्यांतले प्रेमी त्यापायीच एकत्र मरतात. इथे मात्र दोन्ही पारडी एकाच बाईच्या पैशाने भरलेली आहेत. मिझोगुचींनी हे सूत्र असं काही पकडलंय की पुरुषाच्या यशाकडे तुम्ही निर्मळ मनाने बघूच शकत नाही.

जाता जाता: शिराइतोची भूमिका करणारी इरिए ताकाको ही सरदार घराण्यातली मुलगी. हा चित्रपट तिच्या स्वतःच्या नावाच्या निर्मितीसंस्थेतून निघाला. पडद्यावर पुरुषाला पोसणारी बाई आणि पडद्यामागे संस्था चालवणारी बाई एकच, हा योगायोग मला फार आवडतो. पुढे १९५० च्या दशकात याच इरिएला मांजरभुतांच्या भयपटांत कामं करावी लागली, ती गोष्ट वेगळी.

दोन वर्षांनी मिझोगुचींनी क्योकाचीच दुसरी कथा घेऊन ‘ओरिझुरु ओसेन’ केला. पुन्हा तेच: ओसेन देह विकून एका अनाथासारख्या पोराला वैद्यकीचं शिक्षण देते, तिला तुरुंगवास होतो, आणि अनेक वर्षांनी मोठा डॉक्टर झालेल्या त्या माणसाला ती रेल्वे स्टेशनवर सापडते, वेडी झालेली. ओसेन झालेली यामादा इसुझु तेव्हा पंचविशीच्या बऱ्याच आत होती, तरी तिचा दरारा जबरदस्त आहे. पण इथे तुमची तक्रार मला काही अंशी मान्य आहे. शेवटच्या भागात मिझोगुची तिच्या यातनांत जरा जास्तच रमतात. बाईचं दुःख दाखवता दाखवता त्याची चटक लागलेला दिग्दर्शक, असा आरोप त्यांच्यावर होतो. तो मी पूर्ण खोडून काढणार नाही.

त्यांच्या चरित्रातली एक गोष्ट इथे सांगायलाच हवी. वडिलांचा धंदा बुडाला, घर कंगाल झालं, आणि थोरली बहीण सुझु हिला घराबाहेर दिलं गेलं. ती गेइशा झाली, पुढे एका उमरावाच्या आश्रयाला राहिली, आणि तिच्याच आधारावर धाकटा केंजी उभा राहिला. बहिणीच्या पैशावर शिकलेला भाऊ ही त्यांच्यासाठी ऐकीव कथा नव्हती. अर्थात प्रत्येक चौकट बहिणीच्या नावावर खपवायची समीक्षकांची सवय मला पटत नाही. कारण हे सूत्र एकट्या मिझोगुचींचं नाही, त्या काळच्या अर्ध्या जपानचं आहे.

१८९८ च्या नागरी कायद्याने कुटुंबप्रमुखाला अफाट अधिकार दिले होते आणि लग्न झालेल्या बाईला महत्त्वाच्या आर्थिक व्यवहारांसाठी नवऱ्याची संमती लागायची. मुलगी गेइशाघरात किंवा वेश्यावस्तीत पाठवताना बाप आगाऊ रक्कम उचलायचा, आणि मुलगी ती वर्षानुवर्षं फेडत बसायची. १९३० च्या सुमाराला जागतिक मंदीत रेशमाचे भाव कोसळले, ईशान्येकडच्या खेड्यांत पिकं बुडाली आणि मुली विकल्या जाण्याच्या बातम्या वर्तमानपत्रांत येऊ लागल्या. दुसरीकडे मुलगा शिकून साहेब झाला की घर तरेल ही मेइजी काळापासूनची (१८६८ ते १९१२) आशा, आणि ती आशाही पोकळ ठरू लागलेली. ओझू यासुजिरो यांनी १९२९ मध्येच पदवीधर बेकारावर एक चित्रपट केला होता, त्याचे आता काही तुकडेच उरलेत. म्हणजे बहिणीने स्वतःला गहाण टाकून भावाला शिकवावं आणि भावाला नोकरीच नसावी, अशी ही अवस्था.

याच पार्श्वभूमीवर ओझूंचा ‘तोक्यो नो ओन्ना’ बघा, हाही १९३३ चाच. जेमतेम पाऊण तासाचा आहे. चिकाको दिवसा कचेरीत टायपिस्ट, आणि रात्री? भाऊ र्‍योइचीला वाटतं की ती एका प्राध्यापकाला भाषांतरात मदत करते. प्रत्यक्षात ती बारमध्ये जाते आणि देह विकते, कारण त्याची फी भरायची आहे. बातमी त्याच्यापर्यंत पोचते त्याच्या प्रेयसीकडून, म्हणजे तानाका किनुयोने केलेल्या हारुएकडून. तो बहिणीला मारतो, घर सोडतो आणि आत्महत्या करतो.

आता दोन जागा बारकाईने बघण्यासारख्या आहेत. पहिली, हारुएला र्‍योइचीच्या मृत्यूचा निरोप मिळतो ती. शेजारच्या घड्याळाच्या दुकानात तिला फोनवर बोलावतात. भिंतभर घड्याळं, प्रत्येकाचे लंबक आपापल्या लयीत हलतायत, आणि मध्ये ही मुलगी कानाला फोन लावून उभी. दुसरा कुणी असता तर तिच्या डोळ्यांच्या क्लोजअपवर व्हायोलिनची जागा करून ठेवली असती. ओझू मृत्यूला दुकानातल्या मालाच्या रांगेत उभं करतात.

दुसरी जागा शेवटाकडे. भावाचं प्रेत समोर आहे. चिकाको रडते, पण रडता रडता त्याला म्हणते काय, तर एवढ्याशा गोष्टीसाठी जीव दिलास, भित्रा कुठला! क्षमा मागत नाही, ‘माझंच चुकलं’ म्हणत नाही. तिच्या लेखी तिने केलं ते काम होतं, आणि त्याने केली ती पळवाट. मग बातमीदार येतात, फारसं हाती लागलं नाही म्हणून निघून जातात, आणि चित्रपट त्यांच्या मागे रस्त्यावर निघतो. चिकाकोची भूमिका करणारी ओकादा योशिको पुढे १९३८ च्या जानेवारीत प्रियकरासोबत साखालिन बेटावरची बर्फाळ सीमा ओलांडून सोव्हिएत रशियात पळून गेली. त्याला तिथे गोळी घातली गेली, तिने वर्षानुवर्षं तुरुंगात काढली. तो वेगळ्या लेखाचा विषय आहे.

आणि आता नारुसे मिकिओ यांच्याकडे या, कारण तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर त्यांच्याकडे आहे. ‘योगोतो नो युमे’, पुन्हा १९३३. ओमित्सु ही बंदरावरच्या बारमध्ये काम करून लहान मुलाला वाढवते. सोडून गेलेला नवरा परत येतो. माणूस वाईट नाही, फक्त कुचकामी आहे. मूल मोटारीखाली सापडतं, उपचाराला पैसे हवेत, आणि हा गृहस्थ चोरी करून पैसे आणतो. ती ते पैसे घेत नाही, पोलिसांच्या स्वाधीन हो म्हणते. तो पाण्यात उडी घेतो. सकाळी त्याची चिठ्ठी तिच्या हाती पडते. ती वाचते आणि दातांनी टराटरा फाडते. भित्रा, दुबळा, असं त्याला बोल लावत. मग मुलाला जवळ घेऊन त्याला सांगते की तू तरी खंबीर हो.

कुरिशिमा सुमिकोचे ते दात विसरता येत नाहीत. ही साधी नटी नव्हे. शोचिकू कंपनीच्या कामाता स्टुडिओतून १९२१ मध्ये पडद्यावर आली ती जपानी सिनेमाची पहिलीवहिली मोठी तारका म्हणूनच ओळखली गेली. सोशिक, गोड, अश्रू ढाळणारी नायिका म्हणून जिची ख्याती, तिच्याच दातांत नारुसेंनी मेलेल्या नवऱ्याची चिठ्ठी दिली. तेव्हाच्या प्रेक्षकांना हे किती लागलं असेल याचा विचार करा.

एकाच वर्षी, एकाच स्टुडिओतून निघालेल्या दोन चित्रपटांत दोन बायका मेलेल्या पुरुषाला भित्रा म्हणतात. पुढच्या वर्षीच्या ‘कागिरिनाकी होदो’ या नारुसेंच्या शेवटच्या मूकपटात तर सून इस्पितळात मरणाच्या दारात पडलेल्या श्रीमंत नवऱ्याला तोंडावर सुनावते की तुझं प्रेम माझ्यावर नव्हतं, तुझ्या घराण्याच्या नावावर होतं. आणि सासूसमोरून निघून जाते. कर्तव्याला इतक्या सरळ शब्दांत नकार देणारी सून १९३४ मध्ये मला इतर कुठल्या सिनेमात पटकन आठवत नाही. पतिव्रतांच्या सिनेमांशी तुलना इथे संपते असं मला वाटतं.

नारुसेंचाच ‘किमी तो वाकारेते’ सौम्य आहे, पण हिशेब तोच. उतारवयाकडे झुकलेली गेइशा किकुए मुलाला शिकवतेय आणि त्या मुलाला आईच्या धंद्याची लाज वाटते. तरुण गेइशा तेरुगिकु त्याला आपल्या समुद्रकाठच्या गावी घेऊन जाते, दारुडा बाप दाखवते, धाकट्या बहिणीलाही याच धंद्याला लावायचा घाट दाखवते. बोलून समजावत नाही, नेऊन दाखवते. शेवटी बहीण वाचावी म्हणून ती आणखी दूरच्या, जास्त पैसे देणाऱ्या जागी निघून जाते. हा त्याग आहेच. पण त्यात उदात्ततेचा सूर नाही, रेल्वे स्टेशनवरची एक चिडचिडी, अपुरी ताटातूट आहे.

आता हे सगळं कुठून आलं, हेही थोडं बघू. बाई जपानी पडद्यावर आली तीच उशिरा. १९१४ मध्ये निक्कात्सु कंपनीचा ‘काचुशा’ धो धो चालला, तॉलस्तॉयच्या ‘पुनरुत्थाना’वरून घेतलेला. त्यातली नायिका होता ताचिबाना तेइजिरो नावाचा पुरुष. बालगंधर्वांचं नेसणं पाहून आपल्या बायका नेसायला शिकल्या, त्यामुळे आपल्याला याचं नवल वाटायचं कारण नाही. फाळक्यांची १९१३ ची तारामतीही अण्णा साळुंकेच होते. फरक इतकाच की फाळक्यांनी लगेच पुढच्या चित्रपटात कमलाबाई आणि दुर्गाबाईंना उभं केलं, आणि निक्कात्सुच्या मुकोजिमा स्टुडिओत स्त्रीपार्टी नट १९२२ पर्यंत पाय रोवून होते. मधल्या काळात इतर कंपन्यांनी नट्या घ्यायला सुरुवात केली, शोचिकूचा कामाता स्टुडिओ तर १९२० मध्ये निघाला तोच नट्यांना घेऊन. अखेर निक्कात्सुनेही तसं ठरवल्यावर स्त्रीपार्टी नटांनी कंपनी सोडली. त्यांच्यातले एक किनुगासा तेइनोसुके पुढे दिग्दर्शक झाले आणि १९२६ मध्ये वेड्यांच्या इस्पितळातल्या बाईवर आणि तिच्यासाठी तिथे नोकर होऊन राहिलेल्या नवऱ्यावर त्यांनी अचाट चित्रपट केला. तोही हरवला होता, १९७१ मध्ये त्यांच्याच घरी सापडला. त्या फाटाफुटीनंतरच्या निक्कात्सुत १९२३ मध्ये मिझोगुचींना पहिला चित्रपट मिळाला.

पण बाईचा देह पडद्यावर आला तरी आवाज आला नव्हता. जपानी मूकपट मुका नसायचाच. पडद्याशेजारी उभा राहून बेन्शी सगळ्या पात्रांचे संवाद म्हणायचा, वर भाष्य करायचा, आणि बेन्शी बहुतेक पुरुष. म्हणजे शिराइतोचं प्रेम, ओमित्सुचा संताप प्रेक्षकांपर्यंत पोचायचा तो पुरुषाच्या गळ्यातून. वर ‘हिच्या नशिबी हेच लिहिलं होतं’ छापाची हळहळ बेन्शी आपल्या पदरची घालू शकायचा. हे माहीत असलं की नारुसेंच्या त्या दातांचं महत्त्व आणखी कळतं. चिठ्ठी फाडणाऱ्या तोंडावर कुणाला स्वतःचं निवेदन चिकटवणं सोपं नाही. आज या परंपरेतलं सर्वांत गाजलेलं नाव सावातो मिदोरी या बाईंचं आहे, हेही सांगून ठेवतो.

आणि प्रेक्षक कोण होते? कामाता स्टुडिओची सूत्रं १९२४ मध्ये किदो शिरो यांच्याकडे आली. त्यांचं गणित व्यापाऱ्याचं होतं: बाई सिनेमाला एकटी येत नाही, मैत्रिणीला, बहिणीला, नवऱ्याला घेऊन येते, तेव्हा बाईसाठी चित्रपट काढा. त्या प्रेक्षागारात टायपिस्ट होत्या, दुकानांतल्या विक्रेत्या होत्या, कॅफेतल्या वेट्रेस होत्या. महिन्याअखेर गावी पैसे पाठवणाऱ्या मुली होत्या. चिकाकोचं ते ‘भित्रा कुठला’ त्यांच्यासाठी होतं. उपदेश म्हणून कमी, हक्काचं तिकीट म्हणून जास्त.

तरीही एक उणीव उरतेच. या साऱ्या बायका पुरुषांनी लिहिल्या, पुरुषांनी चित्रित केल्या. मिझोगुचींच्या हाताखाली साकाने ताझुको ही सहायक म्हणून वर्षानुवर्षं राबली, १९३६ मध्ये तिने स्वतःचा पहिला कथापट केला, जपानमधला बाईने दिग्दर्शित केलेला पहिला. तो आज उपलब्ध नाही. तानाका किनुयो १९५३ मध्ये दिग्दर्शक झाली तोवर मूकपटांचा जमाना कधीच मागे पडला होता. शिवाय जे उरलंय ते फारच थोडं. १९२३ चा भूकंप, नायट्रेटच्या रिळांचं जळणं-सडणं, १९४५ चे बॉम्बहल्ले आणि कंपन्यांची बेफिकिरी, यातून मिझोगुचींच्या ढीगभर मूकपटांतले बोटांवर मोजण्याइतके वाचले. नारुसेंचे पाच. तेव्हा ‘जपानी मूकपटातली बाई अशी होती’ असं कुणी ठासून सांगायला लागलं तर सावध राहा, माझ्यासकट.

सुरुवात कुठून करायची? ‘तोक्यो नो ओन्ना’पासून, कारण तो छोटा आहे आणि एका बैठकीत दोनदा पाहता येतो. मग ‘योगोतो नो युमे’. नारुसेंचे पाचही मूकपट इंग्रजी उपशीर्षकांसह एका संचात मिळतात, त्यामुळे तेरुगिकुची भेटही होईल. ‘ताकी नो शिराइतो’ त्यानंतर. आधी पाहिलात तर शेवटचा खटला नाटकी वाटून तुम्ही हात झटकाल. जमलं तर बेन्शीचं निवेदन असलेली प्रत मिळवा, आणि ‘ओरिझुरु ओसेन’ची तर तशीच मिळवा, कारण तो निवेदनाच्या ध्वनिपट्टीसहच निघाला होता. एखादी प्रत अगदी निःशब्द असेल तर वर स्वतःच्या आवडीचं संगीत लावू नका. पंधरा मिनिटांत कान सरावतात. आणि हे सगळं फारच जड झालं तर मध्ये ओझूंचा ‘हिजोसेन नो ओन्ना’ टाका. त्यात तानाका किनुयो दिवसा टायपिस्ट आणि रात्री गुंडाची सखी आहे, आणि प्रियकराने पळत राहण्यापेक्षा शिक्षा भोगून सुधारावं म्हणून ती सरळ त्याच्या पायावर गोळी झाडते.